डोंगराच्या शूटिंगचा खर्च कोण उचलतो?

प्रभात फिल्म कंपनी १९३३ साली कोल्हापूर सोडून पुण्यात आली. तिच्याच आवारात १९६० मध्ये फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. डोंगरवेडही इथे मुरलेलं; गिरिप्रेमी संस्थेने २०१२ मध्ये थेट एव्हरेस्ट गाठलं. कॅमेरा आणि दोर दोन्ही एकाच शहरात, तरी निव्वळ डोंगर टिपून घर चालवणारा कॅमेरामन विरळाच. या कामाला पैसा नेहमी मोहिमेच्या नावाने मिळत आला आहे.

पहिला मोठा दाखला जॉन नोएलचा. १९२२ च्या ब्रिटिश एव्हरेस्ट मोहिमेत त्याने नॉर्थ कोल या खिंडीपर्यंत, म्हणजे सुमारे ७,००० मीटरवर, कॅमेरा नेला. १९२४ ला मोहिमेकडे पैशांची चणचण होती, तेव्हा पठ्ठ्याने ८,००० पौंड उभे करून चित्रीकरणाचे हक्कच विकत घेतले. लांब पल्ल्याची लेन्स लावून तो दूरच्या बर्फावरची माणसं टिपत बसला. शिखराकडे निघालेले मॅलरी आणि अर्व्हिन हे गिर्यारोहक परतलेच नाहीत, त्यामुळे हाती आला तो शिखराविना सिनेमा. गर्दी खेचायला त्याने तिबेटी लामा लंडनच्या रंगमंचावर नाचवले. तिबेट सरकार बिथरलं, तिबेटमार्गे जायची परवानगी अडली आणि पुढच्या ब्रिटिश मोहिमेला १९३३ उजाडलं. डोंगरापेक्षा तिकीटबारीची चिंता कॅमेरामनलाच जास्त, हे तेव्हापासूनचं.

१९५३ च्या ब्रिटिश एव्हरेस्ट मोहिमेत टॉम स्टोबार्ट अधिकृत कॅमेरामन होता, पण वरच्या टप्प्यांवर कॅमेरा चालवला तो जॉर्ज लोव या गिर्यारोहकाने. आधी पाय, मग लेन्स. पुढचा कॅमेरामन डेव्हिड ब्रेशर्सही मुळात कातळारोहकच. १९९६ च्या मे महिन्यात त्याच्या चमूने खास हलका करून घेतलेला आयमॅक्स, म्हणजे भव्य पडद्यासाठीचा, कॅमेरा एव्हरेस्टच्या माथ्यावर नेला. ‘हलका’ म्हणजे तरी एकोणीसेक किलो! एका रिळात जेमतेम दीड मिनिटाचं चित्रण, आणि फिल्म ओवायला हातमोजे काढावे लागायचे.

सह्याद्रीत उंचीचा प्रश्न नाही, हवेचा आहे. होळीनंतर धुरकट हवेत मागच्या डोंगररांगा पुसल्या जातात, पावसाळ्यात लेन्सवर बाष्प धरतं. हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्यावर दिसणाऱ्या इंद्रवज्राची, म्हणजे गोल इंद्रधनुष्याची, नोंद ब्रिटिश अधिकारी कर्नल साइक्सने १८३५ मध्ये केली. ते टिपायचं तर सूर्य पाठीशी आणि धुकं कड्याखाली, असा योग एकाच वेळी जुळावा लागतो. तोवर दगडावर बसून राहायचं.

ड्रोन आल्यापासून हेलिकॉप्टरचा खर्च वाचला. पण पुण्याभोवती लोहगावचा हवाईतळ आहे, खडकवासल्याला एनडीए ही लष्करी प्रबोधिनी आहे. उडवण्याआधी ड्रोनला कुठे मनाई आहे त्याचा नकाशा तपासावाच लागतो. संरक्षित किल्ला असेल तर पुरातत्त्वची, जंगल असेल तर वनखात्याची परवानगी वेगळी. निर्माता ड्रोनचं भाडं विनातक्रार देतो. धुकं हटायची वाट बघण्यात गेलेले दिवस मात्र बिलात लिहिले की घासाघीस सुरू होते, म्हणून बरेच जण लग्नसराईत प्री-वेडिंगची कामं घेतात.