लाइटसेबर

‘स्टार वॉर्स’ या अद्भुतरम्य विज्ञानकथेच्या विश्वातील जेडाय योद्ध्यांचे आणि त्यांच्याशी वैर धरणाऱ्या सिथ पंथीयांचे परंपरागत शस्त्र. जॉर्ज ल्यूकस यांनी लिहिलेल्या व दिग्दर्शित केलेल्या १९७७ च्या चित्रपटात ते प्रथम दिसले. धातूच्या मुठीवरील कळ दाबताच साधारण एक मीटर लांबीचे तेजस्वी पाते बाहेर येते आणि कळ पुन्हा दाबली की नाहीसे होते. सेबर ही खरे तर घोडदळाची एकधारी, बहुधा बाकदार तलवार. लाइटसेबरचे पाते मात्र सरळ असून ते सर्व बाजूंनी कापते.

कथेनुसार मुठीतील ऊर्जाकोशाची शक्ती कायबर नावाच्या स्फटिकातून एकाग्र होऊन पाते तयार होते. हा स्फटिक ‘फोर्स’ या विश्वव्यापी शक्तीला प्रतिसाद देतो, म्हणून जेडाय शिष्याने तो स्वतः शोधून शस्त्रही स्वतःच घडवावे, अशी प्रथा आहे. सिथ हिसकावून घेतलेल्या स्फटिकात आपला द्वेष ओततात, तेव्हा तो जणू रक्तबंबाळ होऊन लाल होतो. पाते बहुतेक धातू सहज चिरते व बंदुकीचे ऊर्जाझोत परतवते. बेस्कारसारखे मोजके धातूच त्याला दाद देत नाहीत. दुसऱ्या लाइटसेबरवर मात्र ते घट्ट अडते आणि द्वंद्वयुद्धाचे सारे नाट्य या एका गुणावर उभे आहे.

या दिव्य शस्त्राची घडण अगदी साध्या वस्तूंतून झाली. सेट सजावटकार रॉजर ख्रिश्चन यांना लंडनमधील छायाचित्रण साहित्याच्या दुकानात ग्राफ्लेक्स कंपनीच्या जुन्या फ्लॅशचे दांडे सापडले. त्यांवर पकडीसाठी काळ्या पट्ट्या चिकटवून आणि गणकयंत्राच्या भिंगाची पट्टी बसवून नायकाच्या शस्त्राची मूठ तयार झाली. प्रकाश उलट परतवणाऱ्या कापडाने मढवलेला फिरता दांडा हे सुरुवातीचे पाते होते. त्याची चमक पुरेशी न वाटल्याने पुढे चित्रफितीच्या एकेका चौकटीवर रेखाटन करून ती वाढवण्यात आली. ध्वनिरचनाकार बेन बर्ट यांनी चित्रपट प्रक्षेपकाच्या मोटरीची घरघर आणि दूरचित्रवाणी संचाच्या नळीमुळे ध्वनिग्राहकात उमटलेली गुणगुण एकत्र केली. हा आवाज ध्वनिक्षेपकावर वाजवून त्यासमोरून दुसरा ध्वनिग्राहक झपकन फिरवला, तेव्हा डॉप्लर परिणामामुळे, म्हणजे हालचालीमुळे आवाजाची पट्टी बदलल्याने, पाते हवा कापत असल्याचा भास निर्माण झाला. लाइटसेबर डोळ्यांआधी कानांना खरा वाटतो, याचे श्रेय निःसंशय बर्ट यांचे आहे.

पहिल्या चित्रपटात पाती निळी व लाल होती. १९८३ च्या चित्रपटात वाळवंटातील निळ्या आकाशावर निळे पाते उठून दिसेना, म्हणून नायकाच्या हाती हिरवे पाते आले. दुसऱ्या व तिसऱ्या चित्रपटांत खलनायक डार्थ व्हेडरच्या मुखवट्याआड तलवारबाजी करणारे बॉब अँडरसन हे १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये उतरलेले ब्रिटिश खेळाडू होते.

असे शस्त्र प्रत्यक्षात घडवण्यातील अडचणी मूलभूत आहेत. दोन विजेऱ्यांचे झोत एकमेकांवर टाकले तर ते अडत नाहीत, एकमेकांतून आरपार जातात; प्रकाशकण एरवी परस्परांना ढकलत नाहीत. लेसरचा झोत कशावर तरी आदळेपर्यंत पुढे जातच राहतो, मीटरभर अंतरावर आपोआप थांबत नाही, आणि धूळ किंवा धूर नसेल तर बाजूने दिसतही नाही. चुंबकीय क्षेत्रात कोंडलेल्या प्लाझ्माची, म्हणजे विद्युतभारित कणांच्या तप्त वायूची, कल्पना त्यामानाने जवळची वाटते, पण इतक्या तप्त द्रव्यापासून धरणाऱ्याचा हात वाचवायचा कसा, हा प्रश्न उरतो. २०१३ मध्ये हार्वर्ड व एमआयटी येथील मिखाईल ल्यूकिन आणि व्लादान व्हुलेटिच यांच्या गटाने अतिशीत रुबिडियम अणूंमधून प्रकाशकण पाठवले, तेव्हा ते परस्परांशी बांधलेल्या जोडीने बाहेर पडले. त्या वेळी लाइटसेबरची उपमा सर्वत्र दिली गेली. तो प्रयोग मात्र शस्त्राचा नव्हता, प्रकाशकणांना परस्परक्रिया करायला लावण्याचा होता.

फ्रान्सच्या तलवारबाजी महासंघाने २०१९ मध्ये लाइटसेबर द्वंद्वाला स्पर्धात्मक क्रीडाप्रकार म्हणून मान्यता दिली. त्यातील पाती एलईडीने उजळणाऱ्या पॉलिकार्बोनेटची असतात. प्रत्येक वारापूर्वी पात्याचे टोक खेळाडूच्या मागे न्यावेच लागते; त्यामुळे नेहमीच्या तलवारबाजीतील झटपट भोसकण्याला वाव राहत नाही आणि चित्रपटातल्यासारखे रुंद, घुमावदार वार करावे लागतात.