बायोस उडाला म्हणजे मदरबोर्ड गेला?

जुना समज असा: बायोस, म्हणजे संगणक सुरू करणारा मूळ प्रोग्राम, अपडेट होताना लाइट गेली की मदरबोर्ड कायमचा मेला, नवाच घ्या.

बोर्ड सहसा जळलेला नसतो. बायोसच्या चिपमधला मजकूर तेवढा अर्धवट राहतो. ही चिप म्हणजे सहसा आठ पायांची, नखाएवढी काळी फ्लॅश मेमरी. तिच्यावर २५क्यू६४ असं काहीतरी छापलेलं असतं; त्यातले ६४ मेगाबिट, म्हणजे ८ एमबी. ती पुसून पुन्हा लिहिता येते.

खात्री करायला सीएच३४१ए जातीचा यूएसबी प्रोग्रामर, म्हणजे चिप वाचणारं-लिहिणारं छोटं उपकरण, पुरतो. काहीशे रुपयांचं काम. आधी पुण्यातल्या तपकीर गल्लीत विचारा, नाहीतर ऑनलाइन आहेच. बोर्डाचा वीजपुरवठा आणि बॅटरी काढा. प्रोग्रामरला जोडलेली क्लिप चिपवर चिमट्यासारखी बसवा; तिची लाल वायर चिपवरच्या ठिपक्याकडे ठेवा. चिप दोनदा वाचा आणि दोन्ही फाइली ताडून पाहा. जुळल्या नाहीत तर बहुतेक वेळा क्लिप नीट बसलेली नसते. जुळल्या की ती प्रत जपून ठेवा, कारण लॅपटॉपचा सिरियल नंबर अनेकदा तिच्यातच असतो. मग त्याच मॉडेलची, चिपच्याच आकाराची फाइल लिहा आणि पडताळून घ्या.

‘स्वस्त प्रोग्रामर चिप जाळतो’ ही भीती मात्र अगदीच पोकळ नाही. काही काळ्या रंगाच्या प्रोग्रामरांवर चिपला ३.३ व्होल्ट मिळतात, पण डेटाच्या तारांवर ५ येतात. मल्टिमीटरने आधी मोजा. १.८ व्होल्टच्या चिपला वेगळा अडॅप्टर लागतो.

पडताळणी बरोबर येऊनही बोर्ड उठत नसेल, तर दोष बहुधा दुसरीकडे आहे.