फ्लॅव्हिव्हिरिडी : माकडतापाच्या विषाणूचे कुलनाम आले कुठून?

गोव्याच्या सत्तरी तालुक्यात काजूचा हंगाम सुरू झाला की माकडतापाच्या बातम्यांकडे लोकांचे लक्ष जाते. रानात मेलेले माकड आढळले, एखादा रुग्ण सापडला किंवा आरोग्य खात्याने खबरदारीची सूचना काढली, की आजाराची माहिती देणाऱ्या मजकुरात बहुधा एक वाक्य येते : हा ताप 'फ्लॅव्हिव्हिरिडी' कुलातील विषाणूमुळे होतो. पावसाळ्यात डेंगीवर लिहिताना हेच नाव पुन्हा भेटते आणि जपानी मेंदूज्वराचा विषय निघाला तरी तेच. नाव लांबलचक असल्याने वाचणारा त्यावरून पुढे सरकतो. परंतु लॅटिन जाणणारा तेथे थबकेल, कारण या नावाच्या मुळाशी 'पिवळा' हा अर्थ आहे आणि वर सांगितलेल्या तिन्ही आजारांपैकी एकाचेही मुख्य लक्षण कावीळ नाही.

नावाची घडण सरळ आहे. लॅटिनमध्ये 'फ्लावुस' म्हणजे पिवळा. त्यापासून 'फ्लॅव्हिव्हायरस' हे प्रजातीचे, म्हणजे जवळच्या जातींच्या गटाचे, नाव झाले आणि प्रजातीला 'व्हिरिडी' हा प्रत्यय लावून कुलाचे. विषाणूंच्या नावांचे नियम ठरवणारी आंतरराष्ट्रीय समिती १९६६ साली मॉस्को येथील सूक्ष्मजीवशास्त्राच्या परिषदेत स्थापन झाली. तिच्या पद्धतीप्रमाणे कुलाचे नाव 'व्हिरिडी'ने, गणाचे नाव 'व्हिरालिस'ने आणि प्रजातीचे नाव 'व्हायरस'ने संपते. लॅटिनमध्ये हिरव्या रंगाला 'व्हिरिडिस' म्हणतात, म्हणून या नावात पिवळा आणि हिरवा असे दोन रंग असल्याचा भास होतो. पण तो योगायोग आहे. येथील 'व्हिर' विषाणूचा असून 'इडी' हा प्राणिशास्त्रातून आलेला, 'अमक्याचे वंशज' असे सुचवणारा जुना ग्रीक प्रत्यय आहे. अर्थात हे वंशज आहेत एका पिवळ्या आजाराच्या विषाणूचे, म्हणजेच पीतज्वराच्या विषाणूचे.

एका सदस्याच्या लक्षणावरून साऱ्या कुळाला नाव मिळावे यात गोव्याच्या वाचकाला नवल वाटायला नको. पेडणेकर आडनावाचे घर चार पिढ्या मडगावात नांदले तरी पेडणेकरच राहते, आणि त्या घरातल्या मुलाने पेडणे पाहिलेही नसेल. आडनावावरून घराचे मूळ समजते, आजचा पत्ता समजत नाही. फ्लॅव्हिव्हिरिडी या नावाचे कामही तेवढेच आहे, आणि त्याविषयीचे बहुतेक गैरसमज त्याच्याकडून अधिक काही अपेक्षिल्यामुळे झाले आहेत.

आफ्रिकेतून गुलामांच्या जहाजांबरोबर अमेरिका खंडात पोचलेल्या पीतज्वराने तेथील बंदरे शतकानुशतके ओस पाडली. ज्यांचा आजार दुसऱ्या, गंभीर टप्प्यात जातो त्यांच्या यकृतावर विषाणू घाला घालतो. पित्तरंजक रक्तात साठून डोळे आणि कातडी पिवळी पडते, पोटात रक्तस्राव होऊन काळी वांती होते. स्पॅनिश मुलखात आजाराला त्या वांतीवरूनच 'व्होमितो नेग्रो' म्हणत. ते नाव शास्त्रात रुजले असते तर आजच्या कुलनामात काळा रंग दिसला असता. त्यातही, पीतज्वराची लागण झालेल्या बहुसंख्य लोकांना कावीळ होतच नाही. ते काही दिवसांच्या तापानंतर बरे होतात. नाव पडले ते मरणपंथाला लागलेल्या रोग्यांकडे पाहून.

पोर्तुगीज अमलाखालच्या गोव्याला हा आजार 'फेब्र आमारेला' या नावाने ऐकून ठाऊक असणार, कारण १८५७ साली खुद्द लिस्बन शहरात त्याची मोठी साथ येऊन हजारो माणसे दगावली होती. पणजीची वैद्यकशाळा त्याआधीच, १८४२ साली, सुरू झालेली होती. मात्र पीतज्वर गोव्यात आला नाही आणि आशियात त्याची स्थानिक साथ आजवर कधीही पसरलेली नाही. त्याचा प्रसार करणारा एडिस डास आपल्याकडे घरोघरी असताना असे का व्हावे, हा प्रश्न अभ्यासकांना अजून सतावतो.

हा ताप डासांमुळे पसरतो असे क्यूबाचे डॉक्टर कार्लोस फिनले यांनी १८८१ साली मांडले, तेव्हा त्यांची थट्टाच अधिक झाली. १९०० साली वॉल्टर रीड यांच्या नेतृत्वाखालील अमेरिकी लष्करी आयोगाने हवाना येथे प्रयोग करून ते सिद्ध केले. पुढच्याच वर्षी रीड आणि जेम्स कॅरोल यांनी दाखवले की रोग्याचे रक्तजल जिवाणू अडवणाऱ्या गाळणीतून काढले तरी त्यातून रोग होतो. माणसाच्या एखाद्या आजाराला विषाणू कारणीभूत असल्याचे अशा रीतीने दिसण्याचा हा पहिला प्रसंग मानला जातो. विषाणू प्रत्यक्ष हाती लागला तो १९२७ मध्ये, आजच्या घाना देशातील असिबी नावाच्या रुग्णाच्या रक्तातून. त्या कामातले एक शास्त्रज्ञ, एड्रियन स्टोक्स, त्याच वर्षी पीतज्वरानेच वारले. पुढे मॅक्स थायलर यांनी १९३७ साली '१७डी' ही लस तयार केली, जी आजही वापरात आहे. त्यांना १९५१ चे नोबेल पारितोषिक मिळाले. कुटुंबातला पहिला नामवंत विषाणू हाच असल्याने नावावर त्याचा हक्क पुढे कोणी नाकारला नाही.

कुल म्हणून या विषाणूंची ओळख पटली ती मात्र रंगावरून नव्हे आणि लक्षणांवरूनही नव्हे. १९५० च्या दशकात न्यूयॉर्कच्या रॉकफेलर प्रयोगशाळेत जोर्डी कॅसाल्स हे शास्त्रज्ञ कीटकांमार्फत पसरणाऱ्या विषाणूंची रक्तजलावरून वर्गवारी लावत होते. काही विषाणू हंसाच्या रक्तातील तांबड्या पेशींना एकत्र चिकटवून त्यांच्या गुठळ्या करतात. त्या मिश्रणात बऱ्या झालेल्या रोग्याचे रक्तजल घातले आणि त्यातील प्रतिपिंडांनी विषाणूला आधीच बांधून ठेवले, तर गुठळ्या होत नाहीत आणि पेशी तळाशी सुट्या बसतात. कॅसाल्स यांच्या ध्यानात आले की पीतज्वरातून उठलेल्याचे रक्तजल डेंगीच्या विषाणूलाही काही प्रमाणात थोपवते आणि जपानी मेंदूज्वराच्या विषाणूलाही. चिकुनगुन्याच्या जातीचे विषाणू मात्र त्याला जुमानत नाहीत. अशा चाचण्यांतून त्यांनी दोन मोठे गट पाडले आणि त्यांना 'ए' व 'बी' अशी रोखठोक नावे दिली. आजचे फ्लॅव्हिव्हायरस म्हणजे तो 'बी' गट.

समितीने लॅटिन नावांचा आग्रह धरल्यावर ही अक्षरे गेली. 'ए' गट अल्फाव्हायरस झाला, 'बी' गट फ्लॅव्हिव्हायरस झाला आणि दोहोंना 'टोगाव्हिरिडी' नावाच्या एकाच कुलात बसवण्यात आले. टोगा म्हणजे रोमन नागरिकांचा अंगावर गुंडाळायचा झगा. या विषाणूंभोवती स्निग्ध आवरण असते म्हणून ते नाव. नुसत्या पांघरुणावरून नाते ठरवणे फार काळ टिकले नाही. दोघांच्या आरएनएची मांडणी तपासली तेव्हा ती मुळातच वेगळी निघाली : फ्लॅव्हिव्हायरसाच्या सुमारे अकरा हजार अक्षरांच्या धाग्यात विषाणूचे शरीर घडवणाऱ्या प्रथिनांची जनुके सुरुवातीला असतात, तर अल्फाव्हायरसात ती शेवटाकडे असून त्यांच्यासाठी आरएनएची निराळी, आखूड प्रत निघते. म्हणून १९८० च्या दशकाच्या मध्यात फ्लॅव्हिव्हायरसांना वेगळे कुल मिळाले आणि फ्लॅव्हिव्हिरिडी हे नाव रूढ झाले. गोव्यात एकाच पावसाळ्यात, एकाच एडिस डासाच्या चाव्याने पसरणारे डेंगी आणि चिकुनगुन्या हे दोन ताप तेव्हापासून निरनिराळ्या कुलांतले आहेत.

माकडतापाचा या कुलात प्रवेश झाला तो पीतज्वराच्याच धास्तीतून. १९५७ साली कर्नाटकातील शिमोगा जिल्ह्यात क्यासनूर जंगलाच्या परिसरात माकडे मरून पडू लागली आणि त्याच सुमारास आसपासच्या गावांत तापाची साथ दिसली. दक्षिण अमेरिकेच्या जंगलांत माकडांचे मरण हे पीतज्वराचे पहिले चिन्ह समजतात. त्यामुळे पीतज्वर अखेर आशियात शिरला की काय, अशी शंका घेऊन पुण्याच्या विषाणू संशोधन केंद्राचे पथक तेथे गेले. हे केंद्र १९५२ साली भारतीय वैद्यकीय संशोधन परिषद आणि रॉकफेलर प्रतिष्ठान यांनी मिळून काढले होते. आजची राष्ट्रीय विषाणू विज्ञान संस्था ती हीच. मेलेल्या माकडांपासून मिळवलेला विषाणू तपासल्यावर तो 'बी' गटातलाच निघाला, पण पीतज्वराचा नव्हे. त्याचे जवळचे नातेवाईक रशियात आढळणारे, गोचिडींतून पसरणारे मेंदूज्वराचे विषाणू होते. रोगाला जंगलाचे नाव मिळाले, विषाणूलाही तेच मिळाले, आणि कानडी मुलखाबाहेर लोकांनी त्याला माकडताप म्हणून टाकले.

अनेक दशके हा आजार शिमोगा आणि लगतच्या भागापुरता असल्याचे मानले जाई. गेल्या दशकात तो पश्चिम घाटाच्या रांगेने वर-खाली सरकलेला दिसला. २०१५ साली सत्तरीतील पाली गावात त्याचा उद्रेक झाला आणि २०१६ मध्ये शेजारच्या सिंधुदुर्गात दोडामार्ग भागातही रुग्ण आढळले. हा आजार पसरवणाऱ्या गोचिडींची पिल्ले डिसेंबर ते मे या काळात अधिक सक्रिय असतात. नेमक्या त्याच काळात काजूची बोंडे वेचायला, लाकूडफाटा आणायला आणि गुरे चारायला माणसे रानात जातात. ही पिल्ले इतकी बारीक असतात की पायाला चिकटली तरी घामाने लागलेल्या कचऱ्यातून ती ओळखू येत नाहीत.

कुल वाढतही गेले. डुकरांचा व गुरांचा नाश करणारे पेस्टिव्हायरस त्यात आले. त्यांचे नाव लॅटिनमधील 'महामारी' या अर्थाच्या शब्दावरून पडले आहे. १९८९ साली हेपटायटिस सी विषाणूचा शोध लागल्यावर हेपासिव्हायरस ही प्रजाती आली आणि मागाहून पेगिव्हायरस. यांतला हेपटायटिस सी तेवढा खरोखर यकृताचा विषाणू आहे, त्यामुळे पिवळ्या नावाच्या कुलात तो शोभून दिसतो; पण तो त्यात आला आरएनएच्या रचनेच्या बळावर, कावीळीच्या नव्हे.

अलीकडच्या फेररचनेत या पिवळेपणाची पुनरावृत्तीच झाली आहे. कुलाच्या वरच्या गणाला 'आमारिलोव्हिरालिस' म्हणतात आणि त्यातील 'आमारिलो' हा पिवळ्यासाठीचा स्पॅनिश शब्द आहे. घरात पोर्तुगीज ऐकलेल्या जुन्या गोंयकाराला त्यात 'आमारेलो' लगेच ओळखू येईल. त्याच्याही वरचा संघ 'कित्रिनोव्हिरिकोटा' नावाचा आहे, आणि 'कित्रिनोस' म्हणजे ग्रीकमधला पिवळा. म्हणजे संघापासून कुलापर्यंत तीन भाषांत एकच रंग आहे. गंमत अशी की टोगाव्हिरिडी कुलही याच संघात मोडते. वेगळा झालेला चिकुनगुन्या वरच्या पायरीवर पुन्हा पिवळ्यांच्याच गोतावळ्यात येऊन बसला आहे.

२०२३ साली फ्लॅव्हिव्हायरस या प्रजातीचे नाव बदलून 'ऑर्थोफ्लॅव्हिव्हायरस' करण्यात आले. 'ऑर्थो' म्हणजे खरा, अस्सल. प्रजातीचे नाव आणि कुलातल्या विषाणूंसाठी वापरात असलेले सर्वसाधारण नाव एकच असल्याने जो घोळ होत असे, तो टाळणे हा त्यामागचा हेतू होता. त्याचबरोबर जातींना वनस्पती-प्राण्यांप्रमाणे दोन शब्दांची नावे मिळाली : डेंगीच्या जातीचे नाव 'ऑर्थोफ्लॅव्हिव्हायरस डेंगेई' झाले आणि माकडतापाच्या जातीचे 'ऑर्थोफ्लॅव्हिव्हायरस क्यासनुरेन्से'. ही नावे वर्गीकरणासाठी आहेत. रोग्याच्या अंगात असतो तो विषाणू, जात नव्हे, त्यामुळे बातमीत किंवा रुग्णाच्या कागदपत्रांत 'क्यासनूर जंगल रोगाचा विषाणू' असेच लिहिणे योग्य ठरते. रोमन लिपीत कुलाचे नाव तिरप्या ठशात आणि मोठ्या आद्याक्षराने छापून हा फरक दाखवतात. देवनागरीत ती सोय नसल्याने 'कुल', 'प्रजाती', 'जाती' हे शब्द नावासोबत लिहावेच लागतात. मराठी मजकुरात 'फ्लॅव्हिव्हिरिडी हा विषाणू' अशी रचना अधूनमधून दिसते, ती म्हणूनच चुकीची आहे.

नात्याचा सर्वाधिक गैरअर्थ लसीच्या बाबतीत काढला जातो. गोव्यातील तारवटींना पीतज्वराची लस चांगली परिचयाची आहे. आफ्रिका वा दक्षिण अमेरिकेकडे जाणाऱ्या जहाजावर चढण्यापूर्वी ती टोचून पिवळ्या पुस्तिकेत नोंद करून घ्यावी लागते, टोचल्यापासून दहा दिवसांनी प्रमाणपत्र लागू होते, आणि २०१६ पासून ते आयुष्यभर ग्राह्य धरले जाते. बाधित देशातून प्रमाणपत्राशिवाय भारतात उतरणाऱ्याला सहा दिवसांपर्यंत विलग ठेवण्याची तरतूद आहे. मात्र ही लस घेतलेला माणूस सत्तरीच्या रानात माकडतापापासून सुरक्षित नसतो, कारण कुल एक असले तरी त्या नात्यातून मिळणारे संरक्षण पुरेसे नाही. माकडतापासाठी निराळी लस बनवून ती अनेक वर्षे टोचली गेली, पण तिचा प्रभाव अपुरा ठरल्याने तिचा वापर पुढे थांबला.

नाते उपयोगी पडते, आणि त्रासही देते, ते प्रयोगशाळेत. कॅसाल्स यांना ज्या सरमिसळीमुळे कुलाचा सुगावा लागला, तीच आज निदानात आडवी येते. पूर्वी डेंगी होऊन गेलेल्या माणसाच्या रक्तातील प्रतिपिंडे माकडतापाच्या चाचणीत, आणि उलटही, फसवा प्रतिसाद देऊ शकतात. वाळपईकडे ताप, अंगदुखी आणि डोकेदुखी घेऊन आलेल्या रोग्याची सुरुवातीच्या दिवसांत थेट विषाणूच्या आरएनएचा शोध घेणारी चाचणी करतात ती याचसाठी. आठवडा उलटल्यावर रक्तातील विषाणू ओसरतो आणि मग प्रतिपिंडांवरच भिस्त ठेवावी लागते. अशा वेळी तो रोगी अलीकडे रानात गेला होता का, अंगावर गोचीड आढळली होती का आणि आसपास माकड मेले होते का, ही विचारपूस चाचणीच्या निकालाइतकीच महत्त्वाची ठरते.