बेस६४ की हॅश? डिकोड झालं म्हणजे उलगडलं असं नाही

कुठल्याशा फाइलमध्ये अक्षरं-आकड्यांची अगम्य ओळ सापडली की हात आपसूक डिकोडरकडे, म्हणजे अशी ओळ उलगडणाऱ्या साधनाकडे, जातो. त्याआधी ती बेस६४ आहे की हॅश, एवढं पाहून घ्यावं. बेस६४मध्ये मजकूर गुंडाळलेला असतो; हॅश हा मजकुरावरून गणिताने काढलेला नुसता ठसा, त्यात मजकूर नसतोच.

बेस६४ म्हणजे नुसतं वेष्टन, कुठलाही मजकूर किंवा फाइल ठराविक साध्या चिन्हांत लिहायची रीत. २६ मोठी इंग्रजी अक्षरं, २६ छोटी, १० अंक, अधिकचं चिन्ह आणि तिरपी रेघ, अशी ६४ चिन्हं. तीन बाइटची चार चिन्हं होतात. शेवटी बाइट कमी पडले तर बरोबरचं चिन्ह एकदा-दोनदा टेकूला लागतं. उघडायला किल्ली नको, पासवर्ड नको.

यात देवनागरीची एक गंमत आहे. यूटीएफ-८ या अक्षरं साठवायच्या पद्धतीत आपलं प्रत्येक चिन्ह तीन बाइटचं, म्हणजे बेस६४मध्ये नेमकं चार चिन्हांचं. ‘मराठी’त संगणकाच्या लेखी पाच चिन्हं: म, र, काना, ठ, दुसरी वेलांटी. त्यांची वीस होतात आणि प्रत्येक चौकडी ‘४ के’नेच सुरू होते. तिसरं अक्षर पहिल्या चौघांना ‘एस’, वेलांटीला ‘डब्ल्यू’. ओळीच्या सुरुवातीलाच ‘४ के एस’ची अशी रांग दिसली, की आत देवनागरी आहे हे न उघडताच कळतं. (मध्ये मोकळी जागा आली की ही लय घसरते.)

हॅशचं तसं नाही. एमडी५, शा-१, शा-२५६ हे त्याचे प्रकार. हेक्समध्ये, म्हणजे १६ चिन्हांच्या लिखाणात, लिहिलेला एमडी५ कायम ३२ चिन्हांचा, शा-१ ४०चा, शा-२५६ ६४चा; आत एक अक्षर घाला नाहीतर अख्खी कादंबरी. कादंबरी ३२ चिन्हांत मावतच नाही, तर परत काढणार कुठून? ‘एमडी५ उलगडून देतो’ म्हणणाऱ्या सेवा बहुतेकदा आधी हॅश काढून ठेवलेल्या शब्दांच्या यादीत शोधाशोध करतात.

घोळ होतो तो इथे. हेक्सची ० ते ९ आणि ए ते एफ ही चिन्हं बेस६४मध्येही चालतात आणि ३२ला चारने भाग जातो. त्यामुळे एमडी५ दिला तरी बेस६४चा डिकोडर कुरकुर न करता २४ बाइटचा कचरा हातात ठेवतो. त्या कचऱ्यात ‘दुसरा थर’ शोधण्यात मी एक अख्खी संध्याकाळ घालवली आहे. लांबी ३२, ४० किंवा ६४ आणि एफच्या पुढचं एकही अक्षर नाही, हे आधी पाहिलं असतं तर वाचलो असतो.

उलटही घडतं. ४४ चिन्हं, शेवटी एक बरोबर, उलगडल्यावर वाचता न येणारे ३२ बाइट: हा बहुधा बेस६४मध्ये गुंडाळलेला शा-२५६, नाहीतर गुप्तलेखनाची एखादी किल्ली.