पोलीस म्हणतात "घरगुती मामला आहे, मिटवून घ्या", मग कोर्टात कधी आणि कसं जायचं?

सासरच्या छळाची तक्रार घेऊन गेलेल्या बाईला एनसी (अदखलपात्र गुन्ह्याची नुसती नोंद) करून किंवा नुसतं समुपदेशनाला पाठवून परत लावतात, मग कुणीतरी सांगतं डायरेक्ट हायकोर्टात जा. तसं करू नका. २००७ च्या साकिरी वसू निकालात सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की आधी मॅजिस्ट्रेटकडे जा, म्हणून क्रम पाळा.

पहिलं, ठाण्यात लेखी तक्रार द्या आणि पोच घ्याच, पोच नसेल तर पुढे सगळं अडतं. माहेरी आला असाल तर तिथल्या ठाण्यातही तक्रार देता येते. नवरा-बायकोच्या भांडणात एफआयआरआधी प्राथमिक चौकशी करायला पोलिसांना मुभा आहे, पण नव्या कायद्यात (बीएनएसएस, म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, १ जुलै २०२४ पासून) त्याला १४ दिवसांची मुदत आणि डीवायएसपीची (पोलीस उपअधीक्षकांची) परवानगी लागते, महिनोन्‌महिने "साहेब बघतील" चालत नाही.

तरी एफआयआर नाही झाला तर याच कायद्याच्या कलम १७३(४) खाली तीच तक्रार पोस्टाने एसपींना (जिल्हा पोलीस अधीक्षकांना) पाठवा, शहरात असाल तर डीसीपींना (पोलीस उपायुक्तांना). तिथूनही काही हललं नाही तर मॅजिस्ट्रेटकडे कलम १७५(३) चा अर्ज. सोबत प्रतिज्ञापत्र लागतंच, त्याशिवाय ठाण्यातली पोच, एसपींना पाठवलेल्या अर्जाची प्रत आणि पोस्टाची पावती, ओळखपत्र, लग्नाचा पुरावा (दाखला नसेल तर पत्रिका, फोटो), दवाखान्याचे कागद, मेसेजचे प्रिंट, स्त्रीधनाची यादी आणि बिलं. तक्रारीत तारीख आणि कोण काय बोललं, कुणी हात उचलला हे नावानिशी लिहा, "सगळे त्रास देतात" एवढंच लिहू नका, कारण २०२२ च्या कहकशां कौसर केसमध्ये सासरच्यांवरचे असे मोघम आरोप सुप्रीम कोर्टाने रद्द केलेत. आणि शेवटच्या घटनेपासून ३ वर्षांच्या आत हालचाल करा, छळाच्या गुन्ह्याला मुदत आहे.

मला सगळ्यात जास्त हे सांगायचंय की संरक्षण हवं असेल तर एफआयआरची वाटच बघायची गरज नाही. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याच्या कलम १२ खाली स्वतः किंवा संरक्षण अधिकाऱ्यामार्फत थेट मॅजिस्ट्रेटकडे अर्ज करता येतो, लग्नाची बायकोच पाहिजे असं नाही, आई, बहीण, लिव्ह-इनमधली बाईही करू शकते. पहिली तारीख साधारण ३ दिवसांत लागावी असं कायद्यातच आहे. घरात राहण्याचा हक्क, खर्च, मुलांचा तात्पुरता ताबा हे सगळं इथे मिळतं, पोटगी मागताना उत्पन्न आणि मालमत्तेचं प्रतिज्ञापत्र मात्र लागतं. मुलं कुणाकडे राहतील किंवा घर कुणाचं हे ठरवायचा अधिकार पोलिसांना नाही, ठाण्यात बसवून सह्या घ्यायला लागले तर सही करू नका.

आता ज्यांच्यावर तक्रार झालीय त्यांच्यासाठी. सुप्रीम कोर्टाच्या अर्नेश कुमार निकालानंतर (२०१४) अशा केसमध्ये थेट उचलून नेता येत नाही, अटकेचं कारण नोंदवावं लागतं, नाहीतर बीएनएसएसच्या कलम ३५(३) ची (चौकशीला हजर राहण्याची) नोटीस द्यावी लागते. नोटीस आली की हजर राहा, भीती असेल तर सेशन कोर्टात अटकपूर्व जामीन. खोटी किंवा मोघम केस, किंवा खरंच समझोता झाला असेल तर हायकोर्टात कलम ५२८ खाली एफआयआर रद्द करायचा अर्ज, तिथे एफआयआरची प्रत जोडा, समझोता असेल तर दोघांच्या संमतीची प्रतिज्ञापत्रंही.

वकिलाचे पैसे नाहीत म्हणून थांबू नका, बाईला उत्पन्नाची अट न लावता जिल्हा विधी सेवा प्राधिकरण फुकट वकील देतं, ऑफिस जिल्हा कोर्टातच असतं, फोन १५१००.