पाथ व्हेरिएबल

पाथ व्हेरिएबल : टर्मिनलमध्ये टाइप केलेल्या आज्ञेची फाइल कोणकोणत्या फोल्डरांत आणि कोणत्या क्रमाने शोधायची, हे ठरवणारी यादी. युनिक्स, लिनक्स, मॅकओएस आणि विंडोज या सर्व प्रणालींत ती एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबलच्या रूपात असते. म्हणजे प्रत्येक प्रोग्रॅमला सुरू होताना आपल्या जनक प्रोग्रॅमकडून ज्या नाव-मूल्य जोड्यांची प्रत मिळते, त्यांपैकी ती एक. प्रोग्रॅम संगणकावर नीट बसवलेला असूनही ‘आज्ञा ओळखता येत नाही’ असा संदेश आला, तर दोष बहुधा या यादीत असतो. संदेशावरून मात्र प्रोग्रॅमच नाही असा ग्रह होतो आणि तोच प्रोग्रॅम पुन्हापुन्हा बसवला जातो. (या नोंदीत आज्ञा व फोल्डरांची नावे उच्चाराप्रमाणे देवनागरीत दिली आहेत, टाइप करताना ती रोमन लिपीतच लिहावी लागतात.)

उगम : शोधमार्गाची कल्पना मल्टिक्समधून आली असे सामान्यतः मानतात. एमआयटी, जनरल इलेक्ट्रिक आणि बेल लॅब्ज यांनी १९६० च्या दशकात हाती घेतलेल्या या प्रणालीत ‘सर्च रूल्स’ असत : आधी वापरात आलेले भाग प्रथम, मग हाक देणाऱ्या प्रोग्रॅमचे फोल्डर, मग वापरणाऱ्याचे चालू फोल्डर आणि शेवटी प्रणालीची ग्रंथालये. बेल लॅब्ज १९६९ मध्ये मल्टिक्समधून बाहेर पडली आणि तिथल्याच केन थॉम्पसन व डेनिस रिची यांनी युनिक्स उभारले, म्हणून हा वारसा थेट आहे असा एक पक्ष.

दुसरा पक्ष कारण अधिक साधे मानतो. पहिली डिस्क भरली, तेव्हा काही आज्ञा /बिन या आज्ञांच्या फोल्डरातून दुसऱ्या डिस्कवरील /यूएसआर/बिनमध्ये हलवाव्या लागल्या आणि दोन ठिकाणी शोधणे भाग पडले. त्या डिस्कच्या क्षमतेचे आकडे निरनिराळ्या कथनांत निरनिराळे आढळतात. युनिक्सच्या सहाव्या आवृत्तीच्या (१९७५) माहितीपुस्तिकेतील वर्णन दुसऱ्या पक्षाला पुष्टी देते. त्यानुसार शेल (टाइप केलेली आज्ञा वाचून चालवणारा प्रोग्रॅम) दिलेले नाव आधी आहे तसे वापरून पाहतो, नाही जमले तर त्याच्या आधी ‘/बिन/’ जोडतो, तेही नाही जमले तर त्याच्याही आधी ‘/यूएसआर’ जोडतो. इथे यादी नाही, वापरणाऱ्याच्या हाती काहीच नाही. एकामागे एक उपसर्ग जोडण्याची ही युक्ती जागेच्या टंचाईतून सुचलेली दिसते. मल्टिक्समधील नियम वापरणाऱ्याला बदलता येत, हा फरक पहिल्या पक्षाच्या मांडणीत सहसा झाकला जातो.

बदलता येणारी यादी युनिक्समध्ये आली ती जॉन मॅशी यांच्या पीडब्ल्यूबी (प्रोग्रॅमर्स वर्कबेंच) शेलमधून, १९७० च्या दशकाच्या मध्यास. तिथे हे काम ‘पी’ या एकाक्षरी व्हेरिएबलकडे होते. स्टीव्हन बॉर्न यांच्या शेलसह १९७९ मध्ये आलेल्या सातव्या आवृत्तीत ‘पाथ’ हे नाव आणि अपूर्णविरामाने तोडलेली रचना रूढ झाली. त्याहून महत्त्वाचे म्हणजे एन्व्हायर्नमेंटची प्रत प्रत्येक नव्या प्रोग्रॅमला देण्याची सोय प्रणालीच्या गाभ्यातच आली. त्या आवृत्तीत लॉगिनच्या वेळी मिळणारे मूल्य ‘:/बिन:/यूएसआर/बिन’ असे होते. सुरुवातीच्या अपूर्णविरामाआधीची रिकामी जागा म्हणजे चालू फोल्डर. हा अर्थ आजही टिकून आहे आणि यादीच्या शेवटी चुकून राहिलेला एखादा अपूर्णविराम त्यामुळेच धोक्याचा ठरतो : दुसऱ्या कोणी सार्वजनिक फोल्डरात फाइलींची यादी दाखवणाऱ्या ‘एलएस’ची नक्कल ‘एसएल’ अशा चुकीच्या नावाने ठेवली, तर बोट घसरताच ती चालते.

एमएस-डॉसमध्ये फोल्डरात फोल्डर ठेवण्याची सोय दुसऱ्या आवृत्तीत (१९८३) आली आणि तिच्याबरोबरच पाथ आज्ञाही. डॉसमध्ये अपूर्णविराम ड्राइव्हच्या अक्षरापुढे आधीच खर्ची पडलेला, म्हणून तिथे व विंडोजमध्ये अर्धविराम वापरतात. डॉसच्या काळात पाथची ओळ ऑटोएक्झेक डॉट बॅट या फाइलमध्ये असे आणि चुकली की ‘बॅड कमांड ऑर फाइल नेम’ हे त्रोटक उत्तर येई.

संदेशाचा अर्थ : विंडोजचा कमांड प्रॉम्प्ट ‘इज नॉट रेकग्नाइज्ड ॲज ॲन इंटर्नल ऑर एक्स्टर्नल कमांड’ असे म्हणतो. इंटर्नल म्हणजे डिर, सीडी, कॉपी यांसारख्या खुद्द प्रॉम्प्टमध्येच असलेल्या आज्ञा. एक्स्टर्नल म्हणजे डिस्कवरच्या स्वतंत्र फाइली. पाथचा संबंध फक्त दुसऱ्या वर्गाशी आहे. पूर्ण पाथ बिघडला तरी डिर व सीडी चालत राहतात, पण पिंग किंवा आयपीकॉन्फिग चालत नाहीत. असे दिसले की सी:\विंडोज\सिस्टम३२ ही नोंद उडाली आहे असे समजावे. बॅश या लिनक्सवरील प्रचलित शेलमधला ‘कमांड नॉट फाउंड’ हा संदेश त्या मानाने प्रांजळ आहे. त्याचा निर्गम-क्रमांक (आज्ञा संपताना शेलला मिळणारा निकालाचा आकडा) १२७ असतो. फाइल सापडली पण चालवण्याची परवानगी नाही, अशा वेळी तो १२६ असतो आणि मग पाथला हात लावण्यात अर्थ नसतो. विंडोजच्या बॅच फाइलमध्ये आज्ञा न सापडण्याची चूक ९००९ या क्रमांकाने दिसते.

विंडोजमधील शोध : कमांड प्रॉम्प्ट आधी अंतर्गत आज्ञा पाहतो, मग चालू फोल्डर, मग पाथमधील फोल्डर डावीकडून उजवीकडे. नावाला विस्तार (फाइलनावातील टिंबापुढचा भाग) दिलेला नसेल, तर प्रत्येक फोल्डरात पाथएक्स्ट या दुसऱ्या व्हेरिएबलमधील विस्तार क्रमाने लावून पाहिले जातात. त्यात कॉम, ईएक्सई, बॅट, सीएमडी हे पहिले चार. पॉवरशेल हा विंडोजचा दुसरा, नवा शेल चालू फोल्डर पाहत नाही. तिथे नावाआधी ‘.\’ लावावे लागते. एकाच फोल्डरात एकच फाइल प्रॉम्प्टमध्ये चालते आणि पॉवरशेलमध्ये चालत नाही, याचे कारण हेच.

पाथ दोन ठिकाणी साठवलेला असतो, एक संपूर्ण संगणकाचा आणि एक त्या-त्या वापरकर्त्याचा. लॉगिननंतर संगणकाची यादी पुढे आणि वापरकर्त्याची मागे अशी जोडली जाते. त्यामुळे एखाद्या प्रोग्रॅमची जुनी आवृत्ती संगणकाच्या यादीत असेल, तर वापरकर्त्याच्या यादीत नवी आवृत्ती कितीही वर सरकवली तरी जुनीच चालते. हे लक्षात न आल्याने तासन्‌तास वाया जातात.

दुरुस्ती : पहिले काम फाइल कुठे आहे ते पाहणे. फाइल एक्सप्लोररमध्ये ती शोधून तिचा पूर्ण मार्ग अवतरणचिन्हांत लिहून चालवून पाहावा. चालली, तर दोष पाथमध्येच आहे. मग स्टार्ट मेनूत ‘एन्व्हायर्नमेंट’ टाइप करून ‘एडिट एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबल्स फॉर युवर अकाउंट’ उघडावे, पाथ निवडून ‘एडिट’ दाबावे, ‘न्यू’ करून ती फाइल ज्या फोल्डरात आहे त्या फोल्डरचा मार्ग द्यावा. फाइलचे नाव द्यायचे नाही. उघडलेल्या सर्व खिडक्या ‘ओके’ने बंद कराव्यात, वरच्या कोपऱ्यातील फुलीने बंद केल्यास बदल जातो. विंडोज १० च्या नोव्हेंबर २०१५ च्या सुधारणेपासून ही यादी ओळीओळीने दिसते. त्याआधी एकाच अरुंद चौकटीत सगळा मजकूर असे आणि नवे मूल्य चिकटवताना जुने पुसले जाणे नेहमीचे होते.

बदलानंतर नवीन प्रॉम्प्ट उघडणे आवश्यक आहे. एन्व्हायर्नमेंटची प्रत प्रोग्रॅम सुरू होतानाच मिळते, आधीपासून उघड्या असलेल्या खिडकीला नवे मूल्य कळत नाही. कोड लिहिण्याच्या संपादकातील टर्मिनलला तर संपादकाकडूनच जुनी प्रत मिळते, म्हणून केवळ टर्मिनलची टॅब नव्हे, पूर्ण संपादक बंद करून उघडावा लागतो. शेवटी ‘व्हेअर’ आज्ञेने पडताळा घ्यावा. एकापेक्षा जास्त ओळी आल्या, तर पहिली ओळ चालणारी. पॉवरशेलमध्ये ‘व्हेअर’ हे वेगळ्याच आज्ञेचे टोपणनाव आहे. ते मुकाट्याने काहीच दाखवत नाही, तेव्हा तिथे ‘व्हेअर डॉट ईएक्सई’ असे पूर्ण लिहावे.

सेटएक्स आज्ञेने पाथ वाढवण्याचा सल्ला सर्रास दिला जातो. तो टाळलेला बरा. सेटएक्स पाथ "%पाथ%;सी:\टूल्स" असे लिहिले की %पाथ% च्या जागी दोन्ही याद्या जोडून आलेला मजकूर बसतो, तो सगळा वापरकर्त्याच्या यादीत लिहिला जातो आणि १,०२४ अक्षरांपुढचा भाग कापला जातो. नवे फोल्डर शेवटी असल्याने कापले जाते ते नेमके तेच. इशारा येतो, पण एका ओळीचा. याउलट साधी ‘सेट’ आज्ञा केवळ त्या खिडकीपुरती असते, म्हणून प्रयोगाला तीच चांगली. तिच्यात बरोबरच्या चिन्हाआधी जागा सोडू नये, नाहीतर ‘पाथ’ नव्हे तर ‘पाथ आणि एक रिकामी जागा’ अशा नावाचे वेगळेच व्हेरिएबल तयार होते.

एक दोष विरळा पण चकवणारा. रजिस्ट्रीत (विंडोजच्या सेटिंग्जच्या साठ्यात) पाथचा प्रकार ‘एक्स्पांड’, म्हणजे टक्केचिन्हांतील नावाच्या जागी त्याचे मूल्य बसवणारा, असावा लागतो; एखाद्या इन्स्टॉलरने तो साध्या मजकुराचा केला, तर %सिस्टमरूट%\सिस्टम३२ ही नोंद टक्केचिन्हांसह जशीच्या तशी राहते. यादी वाचताना सारे ठीक दिसते, पिंग मात्र चालत नाही.

जावा व पायथन : नवशिक्यांना हा संदेश बहुतेक वेळा या दोन भाषांमुळे भेटतो, महाराष्ट्रातील अभियांत्रिकीच्या प्रयोगवर्गांत ‘पाथ सेट केला का?’ हा प्रश्न जावाबरोबरच शिकला जातो. ‘जावा’ चालते पण ‘जावासी’ चालत नाही, ही तक्रार ठरलेली. जावा ही आज्ञा प्रोग्रॅम चालवण्याच्या संचातही असते, जावासी हा कंपायलर फक्त जेडीके या विकासकांच्या संचात असतो. शिवाय ओरॅकलचा इन्स्टॉलर ‘जावापाथ’ नावाचे फोल्डर पाथमध्ये घालतो, त्यामुळे जावा जुन्या आवृत्तीची आणि जावासी नव्या आवृत्तीचा अशी जोडीही जमते. मग ओळखीचा प्रश्न सुटतो आणि आवृत्ती न जुळल्याचा संदेश सुरू होतो. जावा_होम या व्हेरिएबलमध्ये जेडीकेचे मूळ फोल्डर द्यावे, पाथमध्ये मात्र %जावा_होम%\बिन. जावा_होममध्येच बिन लिहिले, तर मॅव्हेनसारखी साधने बिनच्या आत पुन्हा बिन शोधतात.

पायथनच्या इन्स्टॉलरमधील पाथमध्ये घालण्याची चौकट मुळात रिकामी असते, ती पहिल्याच पडद्यावर टिचकीने भरावी. पायथनची पॅकेजे बसवणारी पिप ही आज्ञा चालण्यासाठी मूळ फोल्डराबरोबर त्यातील ‘स्क्रिप्ट्स’ फोल्डरही लागते. विंडोज १० च्या मे २०१९ च्या सुधारणेपासून पायथन बसवलेले नसतानाही ‘पायथन’ टाइप केल्यास मायक्रोसॉफ्ट स्टोअर उघडते. हा सेटिंग्जमधील ‘ॲप एक्झिक्यूशन एलियासेस’चा परिणाम असून तिथले बटण बंद करता येते.

लिनक्स व मॅकओएस : बॅशमध्ये ‘एक्स्पोर्ट पाथ="$होम/बिन:$पाथ"’ ही ओळ घरच्या फोल्डरातील बॅशआरसी फाइलमध्ये, मॅकवर २०१९ च्या कॅटालिनापासून झेडशेल मूळ शेल असल्याने झेडशआरसीमध्ये लिहितात. बरोबरच्या चिन्हाभोवती जागा सोडली, तर ‘पाथ: कमांड नॉट फाउंड’ असे गमतीदार उत्तर येते. ‘$पाथ’ लिहायचे राहिले, तर एलएसदेखील सापडत नाही; ‘एक्स्पोर्ट पाथ=/यूएसआर/बिन:/बिन’ टाइप करून आधी सावरावे, मग फाइल सुधारावी. ॲपल सिलिकॉनच्या (ॲपलच्या स्वतःच्या चिपच्या) मॅकवर होमब्रू (प्रोग्रॅम बसवण्याचे साधन, त्याची आज्ञा ‘ब्रू’) /ऑप्ट/होमब्रू/बिनमध्ये बसते, इंटेलवर /यूएसआर/लोकल/बिनमध्ये. म्हणून जुन्या मॅकची झेडशआरसी नव्यावर नेली की ‘ब्रू’ हरवते.

झेडशेलमध्ये लहान लिपीतील ‘पाथ’ ही मोठ्या लिपीतील पाथशी बांधलेली यादी आहे, ही सी-शेल या जुन्या शेलची देणगी. स्क्रिप्टमध्ये सहज म्हणून एखाद्या व्हेरिएबलला लहान लिपीत ‘पाथ’ नाव दिले, की पुढच्या ओळीपासून एकही बाह्य आज्ञा सापडत नाही. बॅश सापडलेल्या फाइलींचे पत्ते लक्षात ठेवतो. फाइल हलवल्यावर ‘नो सच फाइल’ येत असेल, तर ‘हॅश -आर’ पुरते. मल्टिक्सच्या नियमांतील ‘आधी वापरात आलेले भाग प्रथम’ याच्याशी ही सोय ताडून पाहण्यासारखी आहे. सुडो (प्रशासकाच्या अधिकाराने आज्ञा चालवणारा प्रोग्रॅम) स्वतःची सुरक्षित यादी वापरू शकतो आणि क्रॉनची (ठरल्या वेळी आज्ञा चालवणाऱ्या सेवेची) यादी सहसा दोन फोल्डरांपुरतीच असते, म्हणून तिथे आज्ञेचा पूर्ण मार्ग लिहिणेच योग्य.

देवनागरी नावे : विंडोजमध्ये स्थानिक खाते देवनागरी नावाने उघडले, तर यूझर्समधील फोल्डरही देवनागरी होते. मराठी-हिंदीसाठी विंडोजमध्ये युनिकोडपूर्व कोडपेज (अक्षरांना क्रमांक देणारा तक्ता) नाही, म्हणून युनिकोड न जाणणाऱ्या साधनांना त्या नावाऐवजी प्रश्नचिन्हे दिसतात, आणि प्रश्नचिन्ह तर फाइलनावात चालतच नाही. पाथमधील नोंद बरोबर असूनही अशा साधनांचा शोध तिथे अडतो. नंतर खात्याचे नाव बदलले तरी फोल्डरचे नाव बदलत नाही. सी:\टूल्ससारख्या रोमन, जागा नसलेल्या फोल्डरात साधन बसवून तेवढे पाथमध्ये घातले की अडचण सुटते.