लिंबाचे तिरामिसू : दोन प्रांतांचा इतिहास एका ताटलीत

कॉफीत बुडवलेली बिस्किटे, अंड्याचा बलक आणि साखर फेटून मास्करपोने या मलईच्या चीजमध्ये मिसळलेले दाट क्रीम आणि त्यावर चाळलेली कोकोची पूड, एवढ्या मोजक्या घटकांवर उभे असलेले तिरामिसू हे इटलीतील जुने, परंपरागत पक्वान्न असावे, असा समज सर्वत्र आढळतो. प्रत्यक्षात त्याचे वय जेमतेम अर्ध्या शतकाहून थोडे अधिक आहे. ईशान्य इटलीतील व्हेनेतो प्रांतात त्रेव्हीझो हे शहर आहे. तेथील 'ले बेक्केरिए' या उपाहारगृहाच्या पदार्थांच्या यादीत ते १९७२च्या सुमारास आले. उपाहारगृहाचे मालक आदो काम्पेओल, त्यांच्या पत्नी आल्बा आणि तेथील आचारी रोबेर्तो लिंग्वानोत्तो यांच्याकडे या पदार्थाचे जनकत्व दिले जाते. व्हॅनिला आइस्क्रीमसाठी अंडी आणि साखर फेटत असताना लिंग्वानोत्तो यांच्या हातून त्या भांड्यात थोडे मास्करपोने पडले आणि त्या चवीतून पुढचे सारे सुचले, अशी हकीकत सांगितली जाते. आल्बा यांच्या बाजूने सांगितली जाणारी कथा बाळंतपणानंतर सासूने दिलेल्या पौष्टिक खुराकाशी जोडलेली आहे. अंड्याचा बलक साखरेत फेटून अशक्त माणसाला देण्याची चाल व्हेनेतोत पूर्वापार होतीच, त्यामुळे ही दुसरी कथा अधिक पटण्याजोगी वाटते.

या श्रेयावर शेजारच्या फ्रिउली-व्हेनेत्सिया-जूलिया प्रांताचा आक्षेप आहे. तोल्मेत्सो या डोंगराळ गावातील एका हॉटेलात नोर्मा पिएल्ली या १९५०च्या दशकातच मास्करपोने आणि कॉफी यांचा वडीसारखा कापून द्यायचा गोड पदार्थ करीत होत्या, तर पिएरिस येथे मारिओ कोसोलो हे त्याहून आधीपासून पेल्यात वाढायचा एक थंड पदार्थ देत होते, असे तेथील लोक मांडतात. इटलीच्या कृषी मंत्रालयाने २०१७ साली तिरामिसूची नोंद फ्रिउलीच्या पारंपरिक खाद्यपदार्थांच्या यादीत केली, तेव्हा व्हेनेतोचे अध्यक्ष लुका झाया यांनी जाहीर विरोध केला. त्याआधी, २०१० साली, त्रेव्हीझोच्या बाजूने मूळ पाककृती नोटरीसमोर रीतसर नोंदवूनही झाली होती.

या भांडणात एका बाजूचा विजय जाहीर करण्याची घाई कशाला करावी, हे कळत नाही. ओल्या बिस्किटांवर क्रीमचे थर रचण्याची पद्धत इटलीत त्याआधीच रुळलेली होती. 'झुप्पा इंग्लेझे' हा मद्यात भिजवलेल्या केकचा आणि कस्टर्डचा थरांचा पदार्थ एकोणिसाव्या शतकातच प्रसिद्ध होता. पेल्लेग्रीनो आर्तूझी यांच्या १८९१ साली प्रथम निघालेल्या आणि नंतर वाढत गेलेल्या पाककृतिसंग्रहात भिजवलेल्या सावोयार्दी या हलक्या, लांबट बिस्किटांचा, लोणी आणि चॉकलेट यांचा 'दोल्चे तोरीनो' आढळतो. सांगाडा आयता होता, आणि तो निरनिराळ्या गावांतील हुशार स्वयंपाक्यांनी आपापल्या घटकांनी भरला, असे मानणे अधिक सयुक्तिक ठरते. लिंबाच्या तिरामिसूकडे पाहतानाही हेच ध्यानात ठेवावे लागते, कारण सांगाडा तोच ठेवून कॉफी-कोकोच्या जागी लिंबाचे भरण घातल्यानेच तो पदार्थ झाला आहे.

बदललेल्या भरणीतील लिंबू हा वरवर पाहता परका घटक वाटतो, परंतु आंबट रसाचे आणि तिरामिसूचे नाते मास्करपोनेपासूनच सुरू होते. मास्करपोने उत्तर इटलीच्या लोम्बार्दिया प्रांतातील, विशेषतः लोदी आणि आब्बियातेग्रास्सो या भागातील. त्याला चीज म्हटले जात असले तरी ते रेनेटने (वासराच्या जठरातील विकराने) विरजलेले नसते. ताजे क्रीम ८५ ते ९० अंश सेल्सिअसपर्यंत तापवून त्यात आम्ल घालतात, काही मिनिटे ढवळतात आणि मग थंडाव्यात फडक्यातून निथळत ठेवतात. निवळी गळून गेली की जे उरते ते आपल्या चक्क्यासारखे दिसणारे, पण चवीला आंबट नसलेले आणि चाळीस टक्क्यांहून अधिक स्निग्धांश असलेले मऊ क्रीम असते. हे आम्ल पूर्वी लिंबाच्या रसाचे असे किंवा द्राक्षमद्यातून मिळणाऱ्या टार्टारिक आम्लाचे. आज कारखान्यांत बहुतेक वेळा सायट्रिक आम्ल वापरतात. मास्करपोने लवकर खराब होत असल्यामुळे शीतगृहांच्या आधीच्या काळात ते मुख्यतः हिवाळ्यात आणि स्थानिक बाजारापुरतेच बनत असे. ते सबंध देशभर बाराही महिने मिळू लागले नसते, तर तिरामिसू त्रेव्हीझोच्या परिघाबाहेर फारसे पोहोचलेच नसते.

सायट्रिक आम्लाचा इतिहास येथे थोडा विषयांतरासारखा वाटेल, तरी तो सांगण्यासारखा आहे. स्वीडिश रसायनतज्ज्ञ कार्ल विल्हेल्म शेले यांनी १७८४ साली लिंबाच्या रसापासून हे आम्ल वेगळे केले. त्यानंतर शंभराहून अधिक वर्षे त्याचा मुख्य स्रोत लिंबू हाच होता आणि सिसिलीसह दक्षिण इटलीतून निघणारे कॅल्शियम सायट्रेट, म्हणजे या आम्लाचा कच्चा माल, जगभर जात असे. पहिल्या महायुद्धाच्या सुमारास 'ॲस्परजिलस नायजर' या बुरशीला साखरेवर वाढवून तेच आम्ल मिळवता येते, हे सिद्ध झाले आणि १९१९ साली फायझर कंपनीने अमेरिकेत त्याचे औद्योगिक उत्पादन सुरू केले. सायट्रेटवरील इटलीची जवळजवळ मक्तेदारी त्यानंतर संपली. कॅलिफोर्नियातील बागांनी ताज्या लिंबाच्या निर्यातीतही स्पर्धा उभी केली होती. म्हणजे, उत्तरेकडील मलईदार मास्करपोने आज ज्या आम्लाने घट्ट होते, त्याच आम्लाच्या नव्या उत्पादनपद्धतीने दक्षिणेकडील लिंबाच्या मळ्यांचे आर्थिक महत्त्व कमी केले होते. या मळ्यांना नवा ग्राहक मिळायला बराच काळ जावा लागला, आणि तो शेवटी मद्यातून व मिठाईतून मिळाला.

लिंबू मुळात इटलीचे नाही. जनुकीय अभ्यासानुसार लिंबूवर्गीय फळांचे मूळ हिमालयाच्या आग्नेय पायथ्याशी, आसामचा पूर्व भाग, उत्तर म्यानमार आणि पश्चिम युन्नान या पट्ट्यात आहे. युरोपात 'लेमन' म्हणून ओळखले जाणारे पिवळे लिंबू हा आंबट संत्रे आणि महाळुंग यांचा संकर. रोमन फोरमच्या उत्खननात सम्राट ऑगस्टसच्या काळाजवळच्या थरांत लिंबाचे अवशेष सापडले आहेत, पण त्या वेळी ते श्रीमंतांच्या बागेतील नवलाईचे फळ होते. त्याची खरी शेती दहाव्या शतकाच्या सुमारास सिसिलीत अरब राजवटीत, कालव्यांनी पाणी देण्याच्या तंत्रासह, रुजली आणि तेथून ती मुख्य भूमीच्या किनाऱ्यावर गेली.

नेपल्सच्या दक्षिणेचा सोर्रेंतो आणि आमाल्फीचा किनारा हा त्या शेतीचा सर्वांत देखणा भाग. उभ्या कड्यांवर दगडी बांध रचून केलेल्या पायऱ्यांवर झाडे लावतात. त्यांच्यावर चेस्टनटच्या खांबांचे मांडव उभारतात आणि थंडी, वारा व गारा यांपासून रक्षण व्हावे म्हणून पूर्वी त्यांवर गवताच्या चटया पसरीत असत. आमाल्फीचे 'स्फुसातो' लिंबू लांबट आणि जाड सालीचे, तर सोर्रेंतोचे 'ओव्हाले' नावाप्रमाणे लंबगोल असते. युरोपीय संघाने २००० साली सोर्रेंतोच्या आणि २००१ साली आमाल्फी किनाऱ्याच्या लिंबाला भौगोलिक ओळखीचे संरक्षण दिले. या लिंबांची साल तेलाने इतकी भरलेली असते की रसापेक्षा सालीचे मोल अधिक, असे म्हणण्यास हरकत नाही.

लिमोनचेल्लो हे त्या सालीचेच उत्पादन. फक्त पिवळी साल, पांढरा कडू गर न येता सोलून, जवळजवळ शुद्ध अल्कोहोलात मुरत ठेवायची. अल्कोहोलाने तेल ओढून घेतले की साखरेचा पाक मिसळून ते सुमारे तीस टक्क्यांवर आणायचे. पाणी मिसळताच तेलाचे सूक्ष्म थेंब सुटे होतात आणि पेय धुरकट पिवळे दिसू लागते. हे घरोघरी बनत असल्याने सोर्रेंतो, आमाल्फी आणि काप्री या तिन्ही ठिकाणांचा त्यावर दावा आहे. व्यापारी नाव म्हणून त्याची पहिली नोंदणी १९८८ साली काप्रीतील मास्सिमो कानाले यांनी केली. १९९०च्या दशकात ते इटलीभर आणि मग परदेशी पोहोचले.

लिंबाच्या तिरामिसूचा सर्वांत जवळचा पूर्वज मात्र बाटलीत शोधू नये, तो सोर्रेंतोच्या मिठाईच्या दुकानात आहे. १९७८ साली कार्मिने मार्झुइल्लो यांनी तेथे 'देलीत्सिया अल लिमोने' तयार केले. स्पंजचा लहान घुमट, लिंबाच्या सालीच्या वासाच्या पाकात भिजवलेला, आत लिंबाचे क्रीम आणि वर तशाच क्रीमचे पातळ, चकचकीत आवरण, असे त्याचे रूप असते. त्रेव्हीझोच्या तिरामिसूनंतर सहा वर्षांनी जन्मलेल्या या पदार्थात भिजवलेला स्पंज, मद्याचा पाक, आंबटगोड क्रीम असे सारे काही होते. पुढे मास्करपोने दक्षिणेत सहज मिळू लागले आणि लिमोनचेल्लो उत्तरेत जाऊन पोहोचले, तेव्हा देलीत्सियाची चव तिरामिसूच्या चौकोनी भांड्यात उतरणे अपरिहार्यच होते. म्हणून या पदार्थाला एकच जनक शोधण्यापेक्षा दोन बाजारपेठा एकत्र येण्याचा काळ पाहणे अधिक उपयोगाचे ठरते.

भरण बदलताना खरी अडचण चवीच्या तोलाची असते. मूळ पदार्थात स्निग्ध आणि गोड क्रीमला कॉफी व कोको यांचा कडवटपणा रोखून धरतो. लिंबाच्या रूपात तेच काम आंबटपणाने करावे लागते. कॉफीचा सामू (आम्लतेचा आकडा, जितका कमी तितके आंबट) पाचच्या आसपास, तर लिंबाच्या रसाचा दोन ते तीनच्या दरम्यान असतो. म्हणून रस थेट मास्करपोनेत ओतून जोराने फेटला, तर आधीच आम्लाने घट्ट झालेले क्रीम रवाळ होते आणि त्यातील स्निग्धांश सुटा होतो. यावर दोन मार्ग रूढ झाले. पहिला मार्ग सालीचा : किसलेली साल क्रीममध्ये घालायची, म्हणजे तिचे तेल स्निग्धांशात विरघळते आणि आंबटपणा न वाढता वास पसरतो. दुसरा मार्ग इंग्रज स्वयंपाकघरातून आलेला : लिंबाचा रस, अंडी, साखर आणि लोणी मंद आचेवर शिजवून केलेले 'लेमन कर्ड' थंड करून मास्करपोनेत मिसळायचे. हा दुसरा मार्ग मला अधिक चांगला वाटतो, कारण त्यात कच्च्या बलकाचा प्रश्नही बऱ्याच अंशी सुटतो. बिस्किटांसाठी पाणी, साखर आणि लिमोनचेल्लो यांचा पातळ पाक करतात. सावोयार्दीत लोणी नसते. केवळ अंड्याच्या फेसावर उभे असल्याने ते क्षणात द्रव शोषते, त्यामुळे त्याला बुचकळून लगेच बाहेर काढावे लागते.

सुरक्षिततेचा विषय या पदार्थाच्या इतिहासात एकदा गंभीरपणे आला होता. १९९६ साली इटलीत बोट्युलिझमची, म्हणजे जिवाणूंच्या विषाने होणाऱ्या गंभीर अन्नविषबाधेची, आठ प्रकरणे घडली, त्यांत एका रुग्णाचा मृत्यू झाला आणि तपासात ती व्यापारी मास्करपोनेशी जोडली गेली. शीतसाखळी तुटणे हे त्याचे संभाव्य कारण ठरले. मास्करपोने आंबट नसते, म्हणजे त्याचे स्वतःचे संरक्षण फारसे नसते, आणि लिंबू घातल्याने ते आपोआप सुरक्षित होते असे मानणेही चुकीचे आहे.

महाराष्ट्रात हा पदार्थ करताना मास्करपोनेऐवजी चक्का वापरण्याची सूचना अनेकदा केली जाते. चक्क्याचा आंबटपणा दुग्धाम्लाचा असतो, त्यावर लिंबाचा आंबटपणा आला की चव एकाच बाजूला झुकते. ताजी साय किंवा क्रीम यांचा आधार घेतल्यास हा दोष कमी होतो. शिवाय आपले कागदी लिंबू हे इटलीच्या लिंबाचे भावंड असले तरी जुळे नव्हे. दोघांचा एक पालक महाळुंगच आहे, पण कागदी लिंबाची साल पातळ, तिचा वास वेगळा आणि रस अधिक तीव्र आहे. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाची 'साई शरबती' जात नावाप्रमाणे रसासाठीच गाजली. तिच्यापासून सालीच्या तेलावर उभ्या असलेल्या पदार्थाची अपेक्षा करणे तिच्यावर अन्यायच आहे. २०१४ साली भौगोलिक मानांकन मिळालेले नागपुरी संत्रे या कामी अधिक जवळचे वाटते. त्याची सैल, तेलकट साल आणि सौम्य रस क्रीमशी भांडत नाहीत, आणि संत्र्याचे तिरामिसू इटलीतही केले जातेच.

त्रेव्हीझोमध्ये २०१७पासून तिरामिसूची जागतिक स्पर्धा भरते. तिच्यातील एका विभागात मूळ सहा घटकांपलीकडे काहीही चालत नाही, तर दुसऱ्या, सर्जनशील विभागात तीनपर्यंत जास्तीचे घटक घालता येतात आणि बिस्किटही बदलता येते. लिंबाच्या तिरामिसूने आपला दावा मांडायचा तर तो या दुसऱ्या विभागातच मांडावा लागतो.